लग्नाच्या तोंडावर कपडे अडवून ठेवणारा शिंपी

मालवण, देवगड, गुहागर, दापोली या बाजूला ज्यांच्या घरचं लग्न ठरलंय आणि जे स्वतः लांब राहतात, त्यांच्यासाठी हे लिहिते आहे. माझ्या धाकट्या बहिणीच्या लग्नात आम्हाला ज्या रीतीने लुबाडलं, तीच रीत येत्या मे महिन्यात आणखी कुणावर तरी वापरली जाईल याची मला खात्री वाटते.

आमचं माहेर अमरावतीचं. बहीण नोकरीला पुण्यात, सासर मालवणजवळच्या एका वाडीत आणि लग्नही तिथेच, मुलाच्या घरच्या खळ्यात, म्हणजे घरापुढच्या अंगणात. आईच्या शालूवरचा ब्लाउज बहिणीला घट्ट होत होता. आत माया भरपूर सोडलेली होती, त्यामुळे तो उसवून सैल करता येणार होता. आजीचा एक शालू मधून विरला होता, पण त्याचे काठ शाबूत होते. ते काठ कापून नव्या ब्लाउजच्या बाह्यांना आणि शेल्याला लावायचे, अशी आईची फार इच्छा. शिवाय एक नऊवारी शिवून घ्यायची होती. हे सगळं अंगावर घालून बघत बघत करायचं काम, आणि बहीण पुण्याहून थेट मालवणला पोचणार होती. म्हणून शिंपी तिथलाच पाहिला. मंडप-सजावटीचं काम घेतलेल्या माणसाने एक नाव सुचवलं.

फोनवर सांगितलेला भाव माफक होता, सगळं मिळून साडेतीन हजार. निम्मे पैसे आधी दिले. कपडे त्याच्या हातात पडल्यावर "अस्तर आणायचंय, कारागिराला द्यायचेत" म्हणून उरलेलेही मागून घेतले. तोवर बोलणं गोड होतं. आम्ही तिथे पोचल्यावर मात्र ट्रायलची वेळ रोज पुढे जाऊ लागली. कधी लाईट नव्हती, कधी कारागीर गावी गेला होता, कधी इस्त्रीवाला आला नव्हता. त्या उकाड्यात आई दोनदा त्याच्या दुकानाच्या पायरीवर बसून आली.

हळदीच्या आदल्या संध्याकाळी त्याने तोंड उघडलं. काम वाढलंय, आणखी अकरा हजार होतील. आई म्हणाली, "दादा, ठरलेले पैसे तर सगळे दिलेत." त्यावर तो अगदी शांतपणे म्हणाला, "ताई, परवडत नसेल तर उसवलेला ब्लाउज तसाच घेऊन जा. कापलेली साडीही देतो."

हीच त्याची खरी कमाई. उसवलेला ब्लाउज आणि कापलेली नऊवारी दुसरा शिंपी सहसा हातात घेत नाही, कारण आधीच्याने काय केलंय हे त्याला माहीत नसतं आणि बिघडलं तर बोल त्याच्यावर येतो. त्यातून मे महिना. चाकरमानी गावी आलेले, वाडीवाडीत लग्नं, प्रत्येक शिंप्याकडे कपड्यांचा ढीग. परगावची माणसं रात्री कुठे जाणार, हे त्याला पक्कं ठाऊक असतं. काम तो मुद्दामच अर्धवट उकलून ठेवतो. वडिलांनी पैसे पाठवले. मुलीच्या हळदीच्या आदल्या रात्री कुठलाही बाप पाठवेल.

पण पैशांपेक्षा पुढचं जास्त लागलं. कपडे घरी आणल्यावर नवऱ्या मुलाच्या काकींनी बाह्या उलट्या करून पाहिल्या. त्या स्वतः आयुष्यभर शिवण करत आलेल्या. काठावरून बोट फिरवून म्हणाल्या, "ह्यो काठ खरो नाय गो बाय." आजीच्या शालूची जर जुनी, चांदीची तार रेशमाच्या धाग्यावर गुंडाळून वर सोन्याचं पाणी दिलेली. अशा जरीला मोडीतही भाव मिळतो, म्हणून जुने शालू विकत घेणारे दारोदार फिरतात. काकींनी आतल्या शिवणीतून सुटलेला एक धागा काढून काडीने पेटवला. तो वितळला आणि टोकाला कडक काळा मणी राहिला. रेशीम जळताना केस जळल्यासारखा वास येतो आणि बोटांनी चुरडली जाणारी राख उरते; खऱ्या जरीत धातूची तार मागे राहते. इथे नुसतं प्लॅस्टिक होतं. फोन करून विचारलं तर उत्तर आलं, "जुना काठ कुजला होता, फेकून दिला."

तो काठ कुजलेला नव्हता. आईने कपडे देण्याआधी काठाचे जवळून फोटो काढून ठेवले होते, तारखेसकट. ते फोटो, पैसे पाठवल्याच्या नोंदी आणि "पैसे टाका, मग कपडे" हे त्याचं व्हॉट्सॲपवरचं बोलणं, एवढं आमच्याकडे होतं. घरी परतल्यावर १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवली आणि त्याला लेखी नोटीस पाठवली. नोटिशीत एक गोष्ट स्पष्ट लिहिली होती, आणि ती लांबच्या लोकांनी जरूर लक्षात ठेवावी: ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ प्रमाणे आपण जिथे राहतो तिथल्या जिल्हा आयोगातही तक्रार करता येते. मालवणच्या शिंप्याविरुद्धची तक्रार अमरावतीत चालू शकते. त्यासाठी दोन वर्षांची मुदत आहे, वकील लागतोच असं नाही, आणि दिलेली रक्कम पाच लाखांपर्यंत असेल तर फीही नाही. परगावचे लोक पुन्हा इतक्या लांब येणार नाहीत, हाच अशा माणसाचा भरवसा असतो. नोटीस पोचल्यावर वरचे अकरा हजार त्याने परत केले. काठ आजतागायत मिळालेला नाही आणि आई त्याबद्दल अजून बोलू शकत नाही.

कोकणातले शिंपी असे असतात, असं कृपा करून कुणी म्हणू नका. त्याच रात्री काकींनी स्वतःचं मशीन ओसरीवर ओढून ब्लाउजचा मुंढा नीट बसवून दिला आणि एक पैसा घेतला नाही. शिंपी शोधायचा तर अशाच माणसांना विचारून शोधावा, सासरच्या बायकांना. सजावटवाले, हॉलवाले जे नाव देतात त्यात बऱ्याचदा त्यांचाही वाटा असतो.

शिंप्याने कुठलंही कारण सांगितलं तरी ट्रायल झाल्याशिवाय पूर्ण पैसे देऊ नका. उसवण्याआधी कपडा अंगावर घालून, खुणा करून घ्या आणि उसवणं-शिवणं शक्यतो समोर बसून, एका बैठकीत करून घ्या. सगळे कपडे एकदम सोडू नका. एक तयार होऊन हातात आला की दुसरा द्या. जुना काठ, पदर, बुट्टे असं काही कापायचं असेल तर ते घरीच कापा, लांबी मोजून चिठ्ठीवर लिहा आणि लागेल तेवढाच तुकडा द्या. शिंप्याची त्या चिठ्ठीवर सही घ्या, आणि "उरलेलं कापड परत द्यायचं आहे" हे त्याच्यासमोर त्याच चिठ्ठीवर लिहा. प्रामाणिक शिंपी याचा राग मानत नाही. काकींना विचारलं तेव्हा त्या म्हणाल्या की त्या स्वतःच अशी नोंद ठेवतात.