नागपूरच्या बर्डीतलं कॅसेट उतरवून देणारं दुकान: काम चांगलं, कात्री तेवढी आवरा

बाबांनी दूरदर्शनवरून टेप केलेल्या व्हीएचएस कॅसेटी पेनड्राइव्हवर घ्यायच्या होत्या, म्हणून बर्डीच्या मेन रोडमागच्या गल्लीतल्या दुकानात दिल्या. तीन तासांच्या कॅसेटीला ४०० रुपये. नागपूरचे पावसाळे कपाटात काढलेल्या कॅसेटींना बुरशी धरतेच. इथे आधी खोका उघडून फीत साफ केली, मगच प्लेअरमध्ये घातली. हे फार बरं केलं. तशीच घातली की बुरशी प्लेअरच्या हेडला, म्हणजे फीत वाचणाऱ्या भागाला, लागते आणि पुढच्या गिऱ्हाइकाच्या लग्नाच्या कॅसेटीचीही वाट लागते.

माझी कसोटी होती ‘कानून’. बी. आर. चोप्रांचा, १९६० चा, एकही गाणं नसलेला. लोक तो अशोककुमार-राजेंद्रकुमारसाठी पाहतात, आमच्या घरी मात्र तो नाना पळशीकरांचा सिनेमा. त्यांचा कालिया हा भुरटा चोर. चोरी करायला घुसतो आणि खुनाचा आरोपी म्हणून पिंजऱ्यात उभा राहतो. या कामासाठी त्यांना सहायक अभिनेत्याचं फिल्मफेअर मिळालं. पुढे ख्वाजा अहमद अब्बास यांच्या ‘शहर और सपना’साठी (१९६३) पुन्हा एकदा. दोन फिल्मफेअर घरात, तरी आज नाव सांगितलं की समोरचा विचारतो, “कोण?” ‘दो बीघा ज़मीन’मध्ये (१९५३) बलराज साहनींचा म्हातारा बाप तेच. प्रत्यक्षात साहनींपेक्षा जेमतेम पाच-सहा वर्षांनी मोठे! भरवशाचा म्हातारा, गरीब, पिचलेला माणूस हवा की पळशीकरांना बोलवायचं, असाच हिशेब असावा.

तर पहिली फाइल घरी लावली आणि हसू आवरेना. जुनं चौकोनी चित्र ताणून आजच्या टीव्हीएवढं रुंद केलेलं. पळशीकरांचे खप्पड गाल एकदम गुबगुबीत, कालियाची गरिबीच संपली! सांगितल्यावर चार बाय तीनच्या मापात फुकट पुन्हा करून दिलं, कुरकुर नाही. आता डोळ्यांखालच्या सुरकुत्या दिसतात, आवाजातली खरखरही बेताचीच आहे.

खरी तक्रार वेगळी. काउंटरवरच्या पोराने विचारलं, “काकू, सुरुवातीचे नावं कापून टाकू का? सारेच कापायला सांगतात, फाइल हलकी होते.” मी नाही म्हटलं. तोवर दुसऱ्या कॅसेटीची कापून झाली होती. अरे बाप्पा, पोस्टरवर ज्यांचं तोंड कधी येत नाही, त्यांचं नाव दिसायची तेवढीच तर जागा! घरी मुलांना “हे कोण?” याचं उत्तर त्या पाट्यांवरच दाखवते मी. हिरोला पाटी नसली तरी चालतं. शिवाय बुरशी लागलेली फीत पुन्हा पुन्हा फिरवायची म्हणजे जीव मुठीत धरायचा. पुन्हा उतरवली, नशिबाने नीट आली.

म्हणून कॅसेट देताना पावतीवरच लिहून घ्या: माप चार बाय तीन, काहीही कापायचं नाही. मधल्या जाहिरातीसुद्धा राहू द्या, त्या निरम्याची मजा वेगळीच. आणि घाई करू नका. तीन तासांची कॅसेट उतरायला तीन तास लागतातच, त्याला कोणी काही करू शकत नाही. गल्लीत गाडी लावायला जागा नाही, ऑटोने जा. ऑडिओ कॅसेटीही घेतात, त्या मी दिलेल्या नाहीत.