मार्चअखेरीचा तोंडी आदेश आणि सहाशे चादरी

सोलापुरात माझा यंत्रमागाचा लहान कारखाना आहे. फेब्रुवारी २०२२ मध्ये राज्य शासनाच्या एका रुग्णालयातील खरेदी पाहणाऱ्या अधिकाऱ्यांनी मला बोलावून घेतले आणि मार्चअखेर अनुदान परत जाईल, म्हणून बाराशे चादरी तातडीने द्या, पुरवठा आदेश मागाहून काढतो, असे सांगितले. शिवाय एकत्र रक्कम दाखवली तर निविदेची कटकट होईल, तेव्हा सहाशे-सहाशेची दोन देयके करा, अशी सूचनाही केली. दर ३१० रुपये ठरला. ही दुसरी सूचना ऐकताच मी उठून यायला हवे होते. सरकारी गिऱ्हाईक हातचे जाऊ नये म्हणून मी गप्प राहिलो, हेही येथे कबूल करतो.

पहिला माल ४ मार्चला आणि दुसरा २८ मार्चला पोचला. चलानावर भांडारात जांभळा, अर्धवट उठलेला शिक्का मारून कोणीतरी ‘माल मिळाला’ असे लिहिले व सही केली; सहीखाली ना नाव, ना हुद्दा, ना साठा नोंदवहीतील अनुक्रमांक. दोन्ही देयके मिळून ३,९०,६०० रुपयांची होती आणि त्यातील १८,६०० रुपयांचा जीएसटी, एक पैसाही हाती आलेला नसताना, मी खिशातून भरला. जूनमध्ये त्या अधिकाऱ्यांची बदली झाली. नव्या साहेबांनी चहा पाजला, फाइल वर पाठवली आहे असे सांगितले, आणि पुढे जवळजवळ तीन वर्षे ‘अनुदान आले की पहिले तुमचेच’ हे वाक्य मी फोनवर ऐकत राहिलो. एकदा चौकशीला गेलो तेव्हा वॉर्डातील खाटांवर आमच्याच निळ्या किनारीच्या चादरी अंथरलेल्या होत्या.

१८ मार्च २०२५ रोजी वकिलांकडे गेलो, तेव्हा त्यांनी आधी चलानांवरील तारखा पाहिल्या. उधारीची मुदत ठरलेली नसेल, तर विकलेल्या मालाच्या किमतीचा दावा माल दिल्यापासून तीन वर्षांत करावा लागतो. म्हणजे पहिल्या सहाशे चादरींचे १,९५,३०० रुपये दोन आठवड्यांपूर्वीच मुदतबाह्य झाले होते. मुदत संपण्याआधी देणे मान्य असल्याची सहीची लेखी कबुली मिळाली असती, किंवा थोडी रक्कम जमा होऊन तशी लेखी नोंद झाली असती, तर तीन वर्षे नव्याने मोजली गेली असती. मी स्वतः पाठवलेल्या अकरा स्मरणपत्रांचा त्यासाठी काडीचा उपयोग नव्हता आणि त्यांना एकाही लेखी उत्तराने प्रतिसाद का मिळाला नाही, हे मला तेव्हा उमगले.

सूक्ष्म व लघु उद्योगांसाठी २००६ च्या कायद्यात मालाचे पैसे चुकते करायला पंचेचाळीस दिवसांची कमाल मर्यादा आणि उशीर झाल्यास रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज आहे, हे मी ऐकून होतो. पण त्या कायद्याच्या लाभासाठी लागणारी माझी लघुउद्योग म्हणून नोंदणी (उद्यम नोंदणी) नोव्हेंबर २०२२ ची, म्हणजे पुरवठ्यानंतरची. सर्वोच्च न्यायालयाच्या २०२१ च्या निकालानुसार नंतरच्या नोंदणीचा लाभ आधीच्या मालाला मिळत नाही, म्हणून वकिलांनी तो मार्ग सोडून दिला.

दुसऱ्या मालासाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० खालील नोटीस २१ मार्चला बजावली. शासनाविरुद्ध दाव्याआधी दोन महिने थांबावे लागते, मात्र तो काळ मुदतीत धरला जात नाही, एवढ्यावर आमचे निभावले. लेखी करार नसल्याने दावा करार अधिनियमाच्या कलम ७० वर उभा आहे: फुकट देण्याचा हेतू नसताना दिलेल्या वस्तूचा लाभ घेणाऱ्याने भरपाई द्यावी, आणि हे शासनालाही लागू होते, असे सर्वोच्च न्यायालयाने १९६१ मध्येच ठरवले आहे. आता लाभ घेतला हे सिद्ध करणे आले. माहिती अधिकारात साठा नोंदवहीच्या त्या पानाची प्रमाणित प्रत मागवली. तीत ‘चादर, ६०० नग’ अशी नोंद आणि वॉर्डनिहाय वाटप सापडले. जांभळ्या शिक्क्यापेक्षा हे पान भारी ठरेल, असे वकील म्हणतात.

दाव्याला शासनाने दिलेल्या लेखी उत्तरात, म्हणजे कैफियतीत, मात्र पुरवठा आदेश काढलेलाच नाही, आणि निविदा टाळण्यासाठी देयकांचे तुकडे पुरवठादारानेच केले, असे लिहिले आहे. ते तुकडे कोणाच्या सांगण्यावरून केले, याचा एक ओळीचाही पुरावा माझ्याकडे नाही.