बाळाचं नाव: नक्षत्राचं अक्षर, आजोबांचं नाव, कोशातला शब्द की नवी जुळणी?

बारसं जवळ आलं की नावांच्या यादीत चार वाटांनी भर पडते. गुरुजी अक्षर सांगतात, घरातले आजोबा-पणजोबांची आठवण काढतात, कुणी अर्थ शोधत बसतं, आणि कुणी मोबाइलवर 'युनिक' नावं चाळतं. चारही वाटा चालण्याजोग्या आहेत, फक्त प्रत्येकीवर ठेच वेगळ्या ठिकाणी लागते.

नक्षत्राच्या अक्षराचं गणित सरळ आहे. २७ नक्षत्रं, प्रत्येकाचे ४ चरण, म्हणून १०८ अक्षरं. अश्विनीला चू, चे, चो, ला. चंद्र एका चरणात साधारण सहा तास असतो, त्यामुळे जन्मवेळेत पाच-दहा मिनिटांचा फरक पडला तरी अक्षर बहुधा बदलत नाही. चरण बदलण्याच्या वेळेलाच जन्म असेल तर मात्र वेळ नीट तपासावी. खरी अडचण अक्षरांतच आहे. आर्द्रेला कु, घ, ङ, छ येतात, हस्ताला पू, ष, ण, ठ, आणि उत्तराभाद्रपदेला दू, थ, झ, ञ. ङ, ण आणि ञ यांनी मराठीत नाव सुरू होत नाही, आणि ठ-थ-झ वर हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी नावं सापडतात. मग अक्षर पाळायचं म्हणून अर्थ सोडला जातो. त्याची गरज नसते. नामकरणाच्या शास्त्रातच देवतानाम, मासनाम, नाक्षत्रनाम आणि व्यावहारिक नाम अशी चार नावं सांगितली आहेत. अक्षराचं नाव पत्रिकेत राहू द्यावं आणि हाक मारायचं नाव मोकळेपणाने निवडावं. हा तोडगा परंपरेतलाच आहे, त्यामुळे घरात वादही होत नाही.

आजोबांचं नाव ठेवायचं तर अर्थाची चिंता नाही, नाव वापरून सिद्ध झालेलं असतं. मात्र जुनी सगळी नावं संस्कृत असतात हा समज सोडून द्यावा. हैबतराव, दौलतराव, गुलाबराव ही अस्सल मराठी घरांतली नावं अरबी-फारसी शब्दांवरून आली आहेत. 'हैबत' म्हणजे दरारा, धाक. धोंडू, दगडू, केरोबा ही नावं मुलं जगत नसलेल्या घरात, काळाची नजर लागू नये म्हणून ठेवत. त्यांचा अर्थ लागतो तो नावामागच्या भीतीतून. असं नाव पुढे चालवायचं की त्या पिढीबरोबर थांबवायचं, हा ज्याच्या त्याच्या घरचा प्रश्न. पूर्वी सासऱ्याचं नाव तोंडाने घ्यायचं नाही म्हणून नातवाला बापू, नाना, बाळ अशी हाक पडे आणि खरं नाव कागदावरच राही. तसंच होणार असेल तर हाकेचं नाव आत्ताच ठरवून टाकलेलं बरं.

तिसरी वाट अर्थाची. सगळ्यात जास्त फसगत इथेच होते, कारण यादीतला अर्थ कुणी तपासत नाही. 'आरव' घ्या. याद्यांमध्ये 'शांत' असं दिलेलं असतं. संस्कृतात 'रव' म्हणजे आवाज (कलरव आठवा), आणि 'आरव' म्हणजे ओरडा, गलका. तान्ह्या बाळाच्या बाबतीत कोशच खरा ठरतो म्हणा. 'अनया'चीही तीच गत. 'नय' म्हणजे नीती, म्हणून 'अनय' म्हणजे अनीती किंवा दुर्दैव. शिवाय गवळणींतल्या राधेच्या नवऱ्याचं नाव अनय, म्हणून तर ती 'अनयाची राधा'. नाव कानाला गोड आहे आणि ते ठेवायला कुणाची हरकत नाही, पण 'अर्थ पाहून ठेवलं' असं मग सांगू नये.

काही नावांचा अर्थ लेखनातच हरवतो. 'हृषीक' म्हणजे इंद्रिय आणि 'हृषीकेश' म्हणजे इंद्रियांचा स्वामी. त्याचं 'ऋषिकेश' झालं की शब्दशः ऋषीचे केस उरतात. जह्नू ऋषीची मुलगी ती जाह्नवी, म्हणजे गंगा. 'जान्हवी' इतकं रुळलंय की बरोबर लिहिलेलं नावच चुकीचं वाटतं. जैनांचे ११वे तीर्थंकर श्रेयांसनाथ, शेवटी दंत्य स. आता 'श्रेयांश' लिहून त्यात कुठला तरी 'अंश' शोधला जातो.

अर्थ तपासायला दहा मिनिटं पुरतात. नाव फोडा: उपसर्ग कोणता, मूळ शब्द कोणता, प्रत्यय कोणता. मग संस्कृत नाव आपट्यांच्या कोशात आणि मराठी शब्द मोल्सवर्थच्या कोशात बघा. दोन्ही इंटरनेटवर शोधता येतात. तिथे शब्दच नसेल, तर यादीतल्या अर्थाला आधार काय ते आधी विचारा.

या वाटेवर संस्कृतच्या पलीकडेही पाहावं, असं आमचं स्पष्ट मत. सई म्हणजे सखी. ओवी 'ओवणे'वरून आली. जाई, जुई, शेवंती, इंद्रायणी ही नावं लहान आहेत, अर्थ सांगावा लागत नाही आणि ती मराठीच आहेत. मुलांमध्ये मल्हार: 'मल्लारी' म्हणजे मल्ल दैत्याचा शत्रू, खंडोबा, आणि पावसाचा राग तोही मल्हार. एका नावात देवही आला आणि पाऊसही.

चौथी वाट नव्या जुळणीची. जुळणी वाईटच असते असं नाही. शिव + अंश = शिवांश, दोन्ही भाग अर्थाचे आणि संधीही बरोबर. आता 'रेयांश' फोडा, ज्याचा अर्थ याद्यांत 'प्रकाशाचा अंश' असा देतात. 'रेय' + 'अंश' निघतो, आणि 'रेय'चा प्रकाशाशी संबंध लागत नाही. 'रे' म्हणजे किरण, हे इंग्रजीत. किरणाचंच नाव हवं असेल तर 'मयूख', 'अंशुमान' तयार आहेत.

निवड एक-दोन नावांवर आली की ते रोमन लिपीत लिहून बघा. आर्य आणि आर्या दोन्ही एकसारखेच दिसतात, आणि मुलाला शाळेत 'आर्या' हाक येते. ज्ञ आपण 'द्न्य' म्हणतो, हिंदीवाले 'ग्य'; ऋतुजा आपल्याकडे 'रु', तिकडे 'रि'. स्पेलिंग एकदा ठरवून सगळीकडे तेच ठेवा. आडनावासकट मोठ्याने म्हणून पाहा: 'समीर'पुढे 'रानडे' आलं की एक र गिळला जातो, आणि 'आगलावे' आडनावापुढे 'शीतल' ठेवताना थोडा विचार करावा. महाराष्ट्रात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या शाळेच्या आणि सरकारी कागदपत्रांत नाव, आईचं नाव, वडिलांचं नाव, आडनाव असा क्रम आहे. चार शब्दांची ओळ झाली, म्हणजे पहिला शब्द आखूड असलेला सोयीचा.

नाव ठरत नसेल तर घाई करू नका. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते, पण नावाचा रकाना तेव्हा कोरा ठेवता येतो. १२ महिन्यांच्या आत नाव विनाशुल्क घालता येतं, नंतर शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्यांना शाळाप्रवेशापासून पासपोर्टपर्यंत जन्मदाखलाच लागतो, म्हणून तिथली वेलांटी दाखला हातात पडल्याबरोबर, खिडकीसमोरच वाचून घ्यावी.