कव्हर गेलेले गेम आणि स्टीमग्रिडडीबी : दिवाळीच्या सुट्टीतली डागडुजी

दिवाळीच्या सुट्टीच्या दुसऱ्याच दिवशी माझ्या पीसीचा सी ड्राइव्ह गेला. गेम डी ड्राइव्हवर होते, ते वाचले. नवीन एसएसडी बसवली, विंडोज टाकलं, स्टीम (पीसीवरचे गेम विकत घेऊन खेळायचं सॉफ्टवेअर) टाकलं, डी ड्राइव्हवरचा फोल्डर दाखवून दिला आणि एकही गेम पुन्हा डाउनलोड न करता सगळे जागेवर आले. जीव भांड्यात पडला. मग स्टीममधली लायब्ररी, म्हणजे आपल्या गेमची चित्रांसह यादी, नीट पाहिली. ऑनलाइन दुकानांबाहेरचे, डिस्कवरून टाकलेले २१ गेम मी स्टीममध्ये हाताने जोडले होते, ते यादीतून गेले होते. ते परत जोडले तर प्रत्येकाच्या जागी नुसती करडी पाटी. डेस्कटॉपचा बॅकअप होता, त्यातले शॉर्टकट आणले, तर त्यांच्यावर चित्राऐवजी पांढरा कागद. आणि दोन वर्षं सवडीने एकेक करून बदललेली जुन्या गेमची कव्हरं गेली ती गेलीच.

मी कराडजवळच्या एका कनिष्ठ महाविद्यालयात ग्रंथपाल आहे. कव्हर गेलेलं पुस्तक कपाटात असूनही कुणाच्या हाती लागत नाही, हे मी रोज बघते. मुलं येऊन "ते निळ्या कव्हरचं, वर घोडा आहे ते" असं मागतात. लेखक आठवत नाही, नावही अर्धंच आठवतं. माझं गेमच्या बाबतीत तसंच होतं. करड्या पाट्यांच्या रांगेवर मी पंधरा मिनिटं नजर फिरवली आणि एकही गेम न उघडता पीसी बंद केला. म्हणून सुट्टीतले चार दिवस या कामाला दिले. त्यात सगळ्यात जास्त उपयोग झाला तो गेमची कव्हरं मिळणाऱ्या स्टीमग्रिडडीबी या साइटचा आणि ती कव्हरं स्टीममध्ये लावणाऱ्या तिच्या एसजीडीबूप या छोट्या प्रोग्रामचा. दोन्ही फुकट आहेत. मला विचाराल तर पाचपैकी पाच.

आधी दुखणं कुठे आहे ते समजून घेतलं की काम सोपं होतं. २०१९च्या ऑक्टोबरमध्ये स्टीमने लायब्ररीचं रूप बदललं. त्याआधी गेमची चित्रं आडवी असायची, ४६० बाय २१५ पिक्सेलची. नव्या रूपात उभी कव्हरं आली, ६०० बाय ९००. ज्या जुन्या गेमच्या निर्मात्यांनी उभं चित्र दिलंच नाही, त्यांचं तेच आडवं चित्र मधोमध ठेवून वरखाली धूसर रंग भरलेला दिसतो. बाहेरून जोडलेल्या गेमला तर कुणीच चित्र दिलेलं नसतं, त्यामुळे पाटी कोरी. आपण स्वतः लावलेली चित्रं स्टीमच्या फोल्डरात 'युजरडेटा', त्यात आपल्या खात्याच्या आकड्याचा फोल्डर, त्यात 'कॉन्फिग' आणि त्यात 'ग्रिड' या ठिकाणी राहतात. ती आपल्याच मशीनवर असतात. सी ड्राइव्ह गेला की ती गेली. हा एक फोल्डर पेनड्राइव्हवर ठेवला असता तर माझे चार दिवस वाचले असते.

ग्रिड फोल्डर उघडून पाहिला तेव्हा मला फार आनंद झाला, कारण तिथली पद्धत थेट आमच्या ग्रंथालयातली आहे. फाइलला गेमचं नाव नसतं, नंबर असतो. पोर्टल या गेमचा नंबर ४००. मग त्याच्या उभ्या कव्हरची फाइल ४०० आणि त्याला चिकटून पी, आडव्या चित्राची नुसती ४००, मागच्या मोठ्या चित्राची ४०० अंडरस्कोर हीरो, आणि नावाच्या अक्षरांची ४०० अंडरस्कोर लोगो. अंक अर्थात इंग्रजीत. आमच्याकडे पुस्तकावर दाखल क्रमांक टाकतात तो हाच प्रकार. पुस्तकाचं शीर्षक सारखं असू शकतं, दाखल क्रमांक कधीच नाही. प्रे नावाचा एक गेम २००६चा आहे आणि दुसरा २०१७चा. दोघांचा एकमेकांशी काही संबंध नाही. टूम रेडर १९९६चाही आहे आणि २०१३चाही. नावावरून चित्र शोधाल तर सालही तपासा.

आता साइटबद्दल. स्टीमग्रिडडीबीवर गेमचं नाव इंग्रजीत टाकलं की चार कप्पे दिसतात : ग्रिड म्हणजे कव्हरं, हीरो म्हणजे मागची रुंद चित्रं, लोगो म्हणजे पारदर्शक पार्श्वभूमीवरची अक्षरं, आणि आयकॉन. हे सगळं जगभरच्या लोकांनी स्वतः बनवून चढवलेलं आहे. प्रत्येक चित्राखाली ते कुणी चढवलं त्याचं नाव असतं. काही लोकांनी शेकडो चित्रं चढवलेली आहेत, पदरचा वेळ घालून. वीस वर्षांपूर्वीचा कुणी विचारत नसलेला गेम शोधावा, आणि त्याचं कोपऱ्यापर्यंत साफ केलेलं कव्हर समोर यावं, ही मला साधी गोष्ट वाटत नाही. एका चित्रावर तर तीन मिनिटं थांबले होते. मूळ डबीवरची किमतीची चिकटपट्टी जिथे असणार, तो भाग कुणीतरी हाताने परत रंगवला होता.

चित्र उतरवून हातानेही लावता येतं : गेमवर उजवं क्लिक, 'मॅनेज', मग स्वतःचं चित्र लावायचा पर्याय. पण एकवीस गेमना प्रत्येकी चार चित्रं (उभं, आडवं, मागचं आणि लोगो) म्हणजे चौऱ्याऐंशी वेळा तेच. इथे एसजीडीबूप कामी येतं. झिप उतरवायची, प्रोग्राम एकदा चालवायचा, साइटवर स्टीमच्या खात्याने लॉगिन करायचं. मग प्रत्येक चित्रावर 'बूप' असं बटण येतं. ते दाबलं की चित्र थेट ग्रिड फोल्डरात, बरोबर नंबरासह जाऊन बसतं. बाहेरून जोडलेला गेम असेल तर तो आपल्या यादीतून निवडायला लावतं. लगेच दिसलं नाही तर स्टीम पूर्ण बंद करून उघडायचं. पहिल्या दिवशी दुपारच्या चहापासून रात्रीच्या जेवणापर्यंत माझे चौदा गेम चारही चित्रांसह झाले.

चारही लावा, हे मुद्दाम सांगते. बरेच जण उभं कव्हर लावून थांबतात. पण अलीकडे खेळलेल्या गेममध्ये पहिला गेम स्टीम आडव्या चित्राने दाखवतं. ते नसेल तर नेमका आपण रोज खेळतो तोच गेम पुन्हा कोरा दिसतो. आडव्यासाठी ९२० बाय ४३० घ्या, मागच्यासाठी निदान १९२० बाय ६२०. लोगो लावल्यावर गेमच्या पानावर त्याची जागाही सरकवता येते. आयकॉन, म्हणजे डावीकडच्या यादीतलं बारकं चित्र, बाहेरच्या गेमला 'प्रॉपर्टीज'मध्ये नावाशेजारच्या चौकोनावर क्लिक करून लागतं.

शैली निवडताना मात्र माझं मत ठाम आहे. साइटवर 'व्हाइट लोगो' नावाचा प्रकार आहे : चित्र कुठलंही असो, नाव नुसत्या पांढऱ्या अक्षरांत. सगळी लायब्ररी अशी केली की एकसारखी, स्वच्छ दिसते. मी पण सुरुवातीला तीस गेमना तसंच केलं. दुसऱ्या दिवशी बसले तर मला काही सापडेना. मागे आमच्या ग्रंथालयात जीर्ण पुस्तकं बाइंडिंगला दिली होती, ती सगळी एकाच तपकिरी रेक्झिनमध्ये बांधून आली. कपाट देखणं झालं आणि मुलांनी त्याच्याकडे जाणं सोडलं. डोळा रंगावरून आणि अक्षराच्या वळणावरून ओळखतो. म्हणून ती तीसही कव्हरं काढली आणि प्रत्येक गेमचं मूळ डबीशी जुळणारं कव्हर शोधून लावलं. हलणारी कव्हरंही मिळतात. ती मी लावली नाहीत, रांगेत एक चित्र हलत असलं की बाकीच्यांकडे लक्षच जात नाही. आणि ज्यांच्या निर्मात्यांनी नीट चित्रं दिलेली आहेत त्यांना हात लावला नाही. 'राजी : ॲन एन्शंट एपिक' हा पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा २०२०चा गेम. त्याचं कव्हर त्यांनी ठरवलंय तेच राहू दे.

घरात मुलं असतील तर साइटच्या फिल्टरमध्ये प्रौढांसाठीची आणि गमतीची चित्रं वेगळी करता येतात, तेवढं आधी बघून घ्या. माझा भाचा मांडीवर बसून चित्रं निवडत होता, त्यामुळे मी ते पहिल्यांदा केलं.

डेस्कटॉपवरचे पांढरे कागद हे निराळं प्रकरण आहे, त्याचा ग्रिड फोल्डरशी संबंध नाही. शॉर्टकटची फाइल नोटपॅडमध्ये उघडली की आत आयकॉनचा पत्ता दिसतो : स्टीमच्या फोल्डरात अजून एक 'स्टीम', त्यात 'गेम्स', आणि तिथे लांबलचक आकडे-अक्षरांच्या नावाची आयसीओ फाइल. शॉर्टकट बॅकअपमधून आला, पण ती फाइल जुन्या ड्राइव्हबरोबर गेली, म्हणून कागद. सोपा उपाय असा की जुना शॉर्टकट उडवायचा आणि लायब्ररीत गेमवर उजवं क्लिक करून 'मॅनेज'मधून नवा करायचा. माझे बहुतेक याने सुधारले. फाइल जागेवर असूनही कागदच दिसत असेल तर विंडोजने जुनं चित्र लक्षात ठेवलेलं असतं. ही साठवण म्हणजे आयकॉन कॅशे, ती साफ करून पीसी रीस्टार्ट करायचा.

ज्यांचे गेम चार-पाच दुकानांत विखुरलेले आहेत त्यांनी प्लेनाइट बघावं. विंडोजवरचं फुकट, ओपन सोर्स सॉफ्टवेअर आहे. सगळ्या दुकानांचे गेम एका यादीत आणतं आणि कव्हर, आयकॉन, पार्श्वभूमी स्वतः शोधून भरतं. स्टीमग्रिडडीबीची जोडणीही त्यात टाकता येते, त्यासाठी साइटवरच्या खात्यातून एक 'की', म्हणजे जोडणीचा संकेतांक, घ्यावी लागते. फक्त जे नाही तेवढंच भरायचा पर्याय निवडा, म्हणजे हाताने लावलेलं काही बदलत नाही. लॅपटॉपवर मी तेच वापरते. पण एकेक कव्हर बघून निवडण्यात जे समाधान आहे ते मला पीसीवर सोडायचं नव्हतं.

शेवटी एक गेम उरला, क्रिकेट ०७. ईए स्पोर्ट्सचा २००६चा, त्यांच्या क्रिकेट मालिकेतला शेवटचा. रिची बेनॉ आणि मार्क निकोलस यांची कॉमेंट्री अजून माझ्या कानात आहे. दादाने बारावीच्या सुट्टीत शिकवणीच्या पैशांतून त्याची मूळ डिस्क आणली होती आणि आम्ही दोघं एका कीबोर्डवर खेळायचो, त्याचे बाण, माझी डावीकडची अक्षरं. साइटवर त्याची कव्हरं होती, छान होती. पण डबी माझ्या कपाटात होती. म्हणून कव्हर बाहेर काढून कॉलेजच्या नव्हे, घरच्या छोट्या स्कॅनरवर स्कॅन केलं. डबीचं कव्हर ६०० बाय ९००च्या मानाने जरा रुंद असतं, दोन्ही कडा थोड्या कापाव्या लागल्या. रंग थोडे उजळवले. खालच्या कोपऱ्यात घडी पडून पांढरी रेघ उमटली आहे, ती पुसता आली असती, पुसली नाही.

सगळं झाल्यावर ग्रिड फोल्डर झिप करून दादाला नाशिकला पाठवला. त्याने तो आपल्या खात्याच्या आकड्याच्या फोल्डरात टाकला. स्टीमवरून घेतलेल्या गेमची कव्हरं लगेच लागली, कारण ते नंबर सगळीकडे एकच. क्रिकेट ०७ मात्र त्याच्याकडे करडाच राहिला. बाहेरून जोडलेल्या गेमला प्रत्येक मशीनवर वेगळा नंबर मिळतो, जसं एकच पुस्तक दोन ग्रंथालयांत दोन दाखल क्रमांकांवर असतं. मग फोनवर बसून त्याला उजवं क्लिक कुठे करायचं ते सांगितलं, त्याने हाताने चित्र लावलं. क्षणभर तिकडून काहीच आवाज आला नाही.

"अगं, ही घडी मी पाडलेली," तो म्हणाला. "सायकलच्या कॅरिअरला लावून आणली होती."