लोणार की निघोज?

दख्खनचा काळा दगड समजून घ्यायला दोन्ही जागा उत्तम. दगड एकच, सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा बसाल्ट. पण त्याला आकार देणाऱ्या शक्ती अगदी वेगळ्या.

निघोजला कुकडी नदीच्या पात्रात रांजणखळगे आहेत. पुराच्या भोवऱ्यात गोटे गरगरतात आणि खडक आतून कोरत जातात. उन्हाळ्यात पाणी उतरलं की खळग्यांच्या गुळगुळीत भिंती, तळाशी अडकलेले गोटे, सगळी प्रक्रिया डोळ्यांना दिसते. मुलांना न्यायचं तर आधी इथेच न्या. मात्र काठावर त्यांचा हात सोडू नका.

लोणारला हेच काम एका उल्केने क्षणात केलं. सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचं विवर, तळाशी खारं, अल्कधर्मी पाणी. कडेला लाव्हाचे थर बाहेरच्या बाजूला कलंडलेले दिसतात, ते जरूर पाहा. चंद्र-मंगळावरही बसाल्ट आहे आणि बसाल्टमधली अशी विवरं पृथ्वीवर फार थोडी, म्हणून चंद्र-मंगळाचे अभ्यासक इथे येतात. पण आघाताच्या बऱ्याच खुणा सूक्ष्मदर्शकाखालीच कळतात, त्यामुळे जाणकार सोबत हवाच. अभयारण्य आहे, दगड उचलू नका.

एकच सहल जमणार असेल, तर माझं मत लोणारला.