'कॉन्व्हर्सेशन्स विथ वाइल्डर' : पटकथा लिहिणाऱ्यांनी तरी हे पुस्तक घ्याच

हॉलिवूडचा जुना लेखक-डायरेक्टर बिली वाइल्डरच्या मुलाखतींचं हे पुस्तक आकाराने मोठं आहे, वजनदार आहे आणि इम्पोर्टेड असल्यामुळे स्वस्त तर अजिबात नाही. तरी ज्यांना पटकथा लिहायचीय, शॉर्टफिल्म करायचीय, एकांकिकेतून सिनेमाकडे वळायचंय, त्या सगळ्यांना मी हेच घ्यायला सांगते. पटकथा कशी लिहावी टाइपची जी पुस्तकं दुकानात रांगेने लावलेली असतात त्यांच्यापेक्षा हे कितीतरी जास्त शिकवतं.

लेखक कॅमेरन क्रो, 'जेरी मॅग्वायर' या पिक्चरचा डायरेक्टर. त्या पिक्चरमध्ये हिरोच्या गुरूचा छोटासा रोल होता, तो बिली वाइल्डरनेच करावा म्हणून हा मागे लागला, टॉम क्रूझला बरोबर घेऊन त्याच्या ऑफिसात गेला, तरी म्हाताऱ्याने नाही म्हणजे नाहीच म्हटलं. पण पुढे मुलाखती द्यायला मात्र तयार झाला आणि नव्वदी ओलांडलेल्या त्या माणसाला समोर बसवून क्रो त्याच्या एकेका पिक्चरबद्दल विचारत गेला. १९९९ साली पुस्तक आलं. सगळं प्रश्नोत्तरांत आहे आणि बाजूला भरपूर ब्लॅक अँड व्हाइट फोटो. क्रो अगदी पोरवयापासून 'रोलिंग स्टोन' या संगीताच्या मासिकासाठी मुलाखती घ्यायचा, ते इथे जाणवतं, तो घाई करत नाही, उत्तर अर्धवट वाटलं की गप्प बसतो आणि पुढच्या भेटीत परत तोच विषय काढतो.

ज्यांना वाइल्डर माहीतच नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. जन्म १९०६ चा, तेव्हाच्या ऑस्ट्रिया-हंगेरीतलं आणि आता पोलंडमध्ये असलेलं सुखा नावाचं गाव, घर ज्यू. व्हिएन्नात आणि मग बर्लिनमध्ये पत्रकारिता केली, तिथेच पटकथा लिहायला लागला, १९३३ मध्ये हिटलर आल्यावर पॅरिसला पळाला, १९३४ मध्ये अमेरिकेत. तेव्हा इंग्रजी जेमतेम. आणि हाच माणूस पुढे इंग्रजीत 'डबल इन्डेम्निटी', 'सनसेट बुलेव्हार्ड', 'सम लाइक इट हॉट', 'द अपार्टमेंट' लिहितो आणि डायरेक्ट करतो! आपल्याकडचा 'रफू चक्कर' बघितला असेल तर 'सम लाइक इट हॉट'ची गोष्ट तुम्हाला आधीच माहितीय.

तो डायरेक्टर का झाला हा भाग मला सगळ्यात आवडतो. अमेरिकेचा कायमचा व्हिसा मिळवायला त्याला बॉर्डरपलीकडे मेक्सिकोत मेक्सिकालीला जाऊन थांबावं लागलं होतं, हातात पुरेशी कागदपत्रं नव्हती, आणि तिथल्या अमेरिकन अधिकाऱ्याने तू करतोस काय असं विचारून, मी सिनेमे लिहितो हे उत्तर ऐकून, मग चांगले लिही म्हणत शिक्का मारून दिला. पुढे आपला लेखन-जोडीदार चार्ल्स ब्रॅकेटबरोबर त्याने 'होल्ड बॅक द डॉन' लिहिला (१९४१), त्यात हिरो असाच मेक्सिकोच्या बॉर्डरवर एका घाणेरड्या हॉटेलात व्हिसाची वाट बघत अडकलाय. एक सीन असा होता की भिंतीवरून झुरळ चाललंय आणि हिरो हातातल्या काठीने त्याला अडवून विचारतो, कुठे निघालास, व्हिसा कुठाय तुझा? बघा ना, त्या माणसाचा सगळा अपमान, सगळा वैताग एका झुरळावर निघतोय! हिरो होता शार्ल ब्वाये, मोठा स्टार, तो म्हणाला मी झुरळाशी बोलणार नाही, आणि डायरेक्टर मिचेल लायझनने त्याचं ऐकून सीन काढून टाकला. वाइल्डर एवढा भडकला की आपलं लिखाण आपणच डायरेक्ट करायचं हे त्याने पक्कं केलं. १९४२ मध्ये 'द मेजर अँड द मायनर' आला, हॉलिवूडमधला त्याने डायरेक्ट केलेला पहिला पिक्चर. पन्नासहून जास्त वर्षांनंतरही त्या झुरळाचा राग गेलेला नाही आणि मला तो राग शंभर टक्के पटतो.

लिखाण वाचवायला डायरेक्टर झालेला माणूस, ही एक गोष्ट पकडून पुस्तक वाचलं तर सगळं नीट लागतं. नटांनी संवाद बदललेले त्याला का चालत नसत, कॅमेऱ्याच्या कसरती का आवडत नसत, ते कळतं. पण आपलंच शूट केलेलं फेकायलाही तो कचरायचा नाही. 'डबल इन्डेम्निटी'चा शेवट त्याने आधी गॅस चेंबरमधल्या मृत्युदंडाचा शूट केला होता, खर्च करून सेट बांधून, आणि मग काढून टाकला, कारण त्याच्या आधीच्या सीनमध्येच पिक्चर संपला होता. पिक्चरभर खून करणारा हिरो नेफ आपल्या साहेबाचा, कीजचा सिगार काडी ओढून पेटवून देत असतो, आणि शेवटी नेफ जखमी होऊन दारात पडलाय, त्याला स्वतःची सिगरेट पेटवता येत नाहीये, तेव्हा कीज वाकतो आणि काडी ओढतो. बास. यानंतर गॅस चेंबर कशाला दाखवायचा?

'द अपार्टमेंट'मधल्या फुटक्या आरशावरही बोलणं आहे. हिरो बॅक्स्टर आपला फ्लॅट साहेबाला मैत्रिणीला भेटायला देत असतो, तिथे त्याला एक तडकलेला छोटा आरसा सापडतो, तो साहेबाला परत देतो, साहेबाच्या मैत्रिणीचा असणार म्हणून. नंतर ऑफिसच्या ख्रिसमस पार्टीत त्याला जी मुलगी मनापासून आवडते ती त्याला नवी हॅट बघायला आपला आरसा देते आणि त्याला स्वतःचा चेहरा दोन तुकड्यांत दिसतो. कोणी येऊन त्याला काही सांगत नाही, त्यालाही त्याच क्षणी कळतं आणि आपल्यालाही. वाइल्डरचा गुरू म्हणजे डायरेक्टर एर्न्स्ट लुबिच, दोन अधिक दोन हे प्रेक्षकालाच करू द्या हा त्याचा धडा, आणि लुबिचने हे कसं केलं असतं अशी पाटीच वाइल्डरने ऑफिसात लावलेली. पुस्तकात वाइल्डरचे लेखकांसाठीचे नियमही आहेत, त्यातला एक तर मी लिहून ठेवलाय, तिसऱ्या अंकात गडबड असेल तर खरी गडबड पहिल्या अंकात शोधा. आपल्याकडचे किती पिक्चर इंटरव्हलनंतर ढेपाळतात आणि लोक शेवटाला शिव्या देतात, तेव्हा मला हेच आठवतं.

आता जे खटकलं ते. चरित्र म्हणून घ्याल तर निराश व्हाल. क्रम नाही, एकच पिक्चर तीन-तीन ठिकाणी येतो, मध्येच मरिलिन मन्रो येते (तिच्या उशिरा येण्यावर आणि साध्या साध्या ओळींना लागणाऱ्या ढीगभर टेक्सवर तो करवादतो, पण विनोदी संवाद टाकण्यातलं तिचं कसब मनापासून मानतो, हे वाचायला छान वाटतं). पडलेल्या पिक्चर्सवर क्रोने अजून खोदायला हवं होतं. 'एस इन द होल' (१९५१) आपटला, आज तो बातमीदारीवरचा सगळ्यात कडवट आणि खरा पिक्चर वाटतो, त्याला मला आणखी पानं हवी होती. शेवटचा 'बडी बडी' १९८१ चा, त्यानंतर वीस वर्षं या माणसाला कोणी पिक्चर करू दिला नाही, आणि तरी तो ऑफिसला जात राहिला. क्रोला त्याच्याबद्दल इतकी भक्ती आहे की अशा ठिकाणी तो हात आखडता घेतो.

आणि आई. ती मागे युरोपातच राहिली होती, तिला नाझींनी मारलं. याबद्दल वाइल्डर अगदी थोडं बोलतो आणि विषय बदलतो. नाझींनी केलेल्या ज्यूंच्या कत्तलीवरचा 'शिंडलर्स लिस्ट' त्याला स्वतःला करायचा होता, पण हक्क डायरेक्टर स्पीलबर्गकडे होते. ही दोन्ही ठिकाणं एकापाठोपाठ वाचा. क्रोने इथे त्याला टोकलं नाही ते योग्यच केलं असं मला वाटतं.

सहा ऑस्कर घेतलेला, त्यातले तीन १९६० च्या एकट्या 'द अपार्टमेंट'चे, असा माणूस २००२ मध्ये पंचाण्णवाव्या वर्षी गेला, म्हणजे हे पुस्तक अगदी वेळेवर झालं.

घेणार असाल तर छापील मोठी प्रतच घ्या, सेकंडहँड चालेल, फक्त फोटोंची पानं सुटलेली नाहीत ना ते बघून घ्या, कारण बोलणं आणि फोटो शेजारीशेजारी असण्यातच मजा आहे. आणि वाचायच्या आधी निदान 'डबल इन्डेम्निटी', 'सनसेट बुलेव्हार्ड' आणि 'द अपार्टमेंट' हे तीन बघा, नाहीतर शेवट आधीच फुटतील. तिन्हींपैकी एकच बघायला वेळ असेल तर 'द अपार्टमेंट'.