पंधरा वेढ्यांची फीत : 1961 च्या सोव्हिएत नाण्या-नोटांच्या संचाचे परीक्षण

सोव्हिएत संघाच्या नाण्या-नोटांचे तयार संच आता आपल्याकडच्या नाणे प्रदर्शनांत सहज मिळतात. पुण्यातील एका विक्रेत्याकडून घेतलेल्या अशाच एका संचाविषयी येथे लिहीत आहे. त्यात 1961 च्या मालिकेतील एक कोपेकपासून एक रुबलपर्यंतची (शंभर कोपेकांचा एक रुबल) नऊ नाणी, एक, तीन आणि पाच रुबलच्या नोटा, त्याआधीच्या काळातील तीन कोपेकची काही सुटी नाणी, दोन बिल्ले आणि एक छोटी माहितीपुस्तिका आहे. नाणी अस्सल आहेत, वेष्टन वाईट आहे आणि पुस्तिका दुर्लक्ष करण्याजोगी आहे. तरीही हा संच घ्यावा असे माझे मत आहे, आणि त्याचे मुख्य कारण विक्रेत्याने जवळजवळ फुकटात घातलेली ती जुनी तीन कोपेकची नाणी हे आहे.

प्रथम मालिकेविषयी. 1 जानेवारी 1961 रोजी सोव्हिएत संघात चलनबदल झाला आणि जुन्या दहा रुबलांना नवा एक रुबल असा दर ठरला. नवी नाणी दोन गटांत पाडली गेली. एक, दोन, तीन आणि पाच कोपेकची नाणी पिवळसर तांब्याच्या मिश्रधातूची, तर दहा कोपेकपासून वरची, ज्याला आपण जर्मन सिल्व्हर म्हणतो त्या पांढऱ्या मिश्रधातूची होती. पहिल्या गटाची एक गंमत अशी की नाण्याचे वजन त्याच्या किमतीइतकेच ठेवलेले असे. एक कोपेक एक ग्रॅम, दोन कोपेक दोन ग्रॅम, तीन कोपेक तीन ग्रॅम आणि पाच कोपेक पाच ग्रॅम. ही नाणी रोजच्या वापरात किती मुरलेली होती हे त्यांच्या झिजेवरून कळते. दोन कोपेकचे नाणे सार्वजनिक दूरध्वनीत टाकायचे, तीन कोपेकला यंत्रातून सरबत घातलेला सोडा मिळायचा, नुसता सोडा एक कोपेकला, आणि पाच कोपेकमध्ये मॉस्कोच्या मेट्रोचा प्रवास व्हायचा. मेट्रोचा हा दर 1991 पर्यंत टिकला. संचातील पाच कोपेकचे नाणे सर्वांत जास्त गुळगुळीत झालेले आहे आणि मला ते कोऱ्या नाण्यापेक्षा अधिक आवडले.

आता राज्यचिन्हाकडे वळू, कारण संच विकत घेण्याचे प्रयोजन तेच होते. प्रत्येक नाण्याच्या एका बाजूस सोव्हिएत संघाचे राज्यचिन्ह आहे. मध्यभागी पृथ्वीचा गोल, त्यावर विळा-हातोडा, खालून उगवणाऱ्या सूर्याचे किरण, दोन्ही बाजूंनी गव्हाच्या ओंब्या, माथ्यावर पाच टोकांचा तारा, आणि ओंब्यांना वेढे घालत जाणारी फीत. 1923 साली स्वीकारलेल्या या चिन्हात ना सिंह आहे, ना गरुड, ना कुठले शस्त्र. त्याआधी 1918 मध्ये रशियाच्या सोव्हिएत प्रजासत्ताकाच्या चिन्हाचा जो आराखडा तयार झाला होता त्यात तलवार होती आणि लेनिनने ती काढायला लावली, असे सांगितले जाते. गोलावर कोणत्याही देशाची सीमा दाखवलेली नाही आणि ही नजरचूक नव्हे, धोरण होते. हे राज्य एका भूभागापुरते नसून त्यात पुढे कोणालाही सामील होता येईल, असे त्या चिन्हातून सांगायचे होते. पंधरा मिलिमीटर व्यासाच्या एक कोपेकच्या नाण्यावरही गोलावरील रेखांश-अक्षांशांच्या रेषा भिंगाखाली स्वच्छ दिसतात. टांकसाळीच्या कारागिरीला येथे पैकीच्या पैकी गुण द्यावे लागतील.

फितीवर घोषवाक्य असे, ते म्हणजे 1848 च्या कम्युनिस्ट जाहीरनाम्याच्या शेवटी आलेले कामगारांच्या एकजुटीचे आवाहन, आपल्याकडे ‘जगातील कामगारांनो, एक व्हा!’ या रूपात रुळलेले. मूळ रंगीत चिन्हात ते संघातील प्रजासत्ताकांच्या भाषांमध्ये, फितीच्या एकेका वेढ्यावर लिहिलेले असे. नाण्यावर एवढी अक्षरे मावणे शक्य नसल्याने तेथे फक्त वेढे उरतात. मात्र वेढ्यांची संख्या नाण्यावरही तंतोतंत पाळली जात असे, आणि हा संच खरा रंगतो तो येथे.

विक्रेत्याने दिलेल्या जुन्या तीन कोपेकच्या नाण्यांत 1935, 1940 आणि 1954 या सालांची नाणी आहेत. ती 1961 च्या तीन कोपेकशेजारी एका ओळीत मांडावीत आणि भिंग घेऊन वेढे मोजावेत. 1935 च्या नाण्यावर सात वेढे आहेत. 1936 च्या राज्यघटनेनंतर प्रजासत्ताके अकरा झाली, म्हणून 1940 च्या नाण्यावर डावीकडे पाच, उजवीकडे पाच आणि खाली एक असे अकरा आहेत. वास्तविक त्याच वर्षी एस्तोनिया, लात्विया, लिथुआनिया, मोल्दाविया आणि कारेलो-फिनिश ही पाच प्रजासत्ताके जोडली गेली होती, पण चिन्ह बदलायला 1946 साल उजाडले आणि नाण्यांवर तो बदल 1948 पासून दिसू लागला. त्यामुळे 1954 च्या नाण्यावर सोळा वेढे आहेत, डावीकडे आठ, उजवीकडे सात आणि खाली एक, म्हणजे दोन बाजू समान नाहीत. 1956 च्या जुलैमध्ये कारेलो-फिनिश प्रजासत्ताकाचा दर्जा काढून ते रशियाच्या प्रजासत्ताकात विलीन करण्यात आले. पुढच्या वर्षीच्या नाण्यांवरून डावीकडचा एक वेढा कमी झाला आणि संख्या पंधरावर येऊन थांबली. एखादे प्रजासत्ताक नकाशावरून गेल्याची नोंद खिशातल्या सुट्ट्या पैशांवर इतक्या निमूटपणे होत असे.

याहून विलक्षण बाब चलनबदलाच्या वेळी घडली. 1961 मध्ये जुन्या नोटा आणि पाच कोपेकपासून वरची जुनी नाणी दहास एक या दराने बाद झाली, परंतु एक, दोन आणि तीन कोपेकची जुनी नाणी आहे त्याच किमतीला चालू ठेवली गेली. ती गोळा करून नवी पाडण्याचा खर्च परवडणारा नव्हता, असे कारण दिले जाते. ज्यांच्या घरी अशा चिल्लरीचा डबा भरलेला होता त्यांची पुंजी एका रात्रीत दहापट झाली. आपल्या दृष्टीने महत्त्वाचे एवढेच की त्यानंतर कित्येक वर्षे सात, अकरा, सोळा आणि पंधरा वेढ्यांची नाणी दुकानदाराच्या एकाच गल्ल्यात नांदत होती. संचातील चार तीन-कोपेकांची ओळ म्हणजे विक्रेत्याने योगायोगाने जुळवलेली त्या गल्ल्याची प्रतिकृतीच आहे, आणि पुस्तिकेत तिच्याविषयी एक शब्दही नाही.

घोषवाक्य पूर्वी नाण्यावर वाचताही येत असे. 1920 च्या दशकातील सोव्हिएत नाण्यांच्या कडेने ते पूर्ण लिहिलेले असे. 1924 च्या चांदीच्या रुबलवर तर एक कामगार एका शेतकऱ्याला उगवत्या सूर्याकडे बोट दाखवतो आहे आणि दुसऱ्या बाजूस चिन्हाभोवती ते आवाहन फिरलेले आहे. 1935 मध्ये नाण्यांचा नमुना बदलला आणि कडेवरची ओळ गेली. त्या साली दोन्ही नमुन्यांची नाणी पाडली गेली असल्याने संग्राहकाने 1935 चे नाणे घेताना कोणता नमुना आहे हे पाहून घ्यावे. या संचातील नाणे ओळ नसलेल्या नव्या नमुन्याचे आहे. जगातल्या कामगारांना उद्देशून केलेले आवाहन चलनी नाण्याच्या कडेवरून निघून चिन्हातील फितीत सूचकपणे उरावे, याचा अर्थ ज्याने त्याने लावावा. मला तरी त्यात क्रांतीचे राज्ययंत्रणेत झालेले रूपांतर दिसते.

नोटांविषयी थोडक्यात लिहितो. एक रुबलची नोट तपकिरी, तीनची हिरवी आणि पाचची निळी आहे. तीनवर क्रेमलिनचे दृश्य आहे आणि पाचवर क्रेमलिनचाच स्पास्काया बुरूज. लेनिनचे चित्र दहा रुबलपासून वरच्या नोटांवरच असे, म्हणून या संचातील नोटांवर तो भेटत नाही. त्यासाठी लालसर रंगाची दहाची नोट वेगळी घ्यावी. ती महाग नाही. या तीन नोटा कोषागाराच्या नावाने काढलेल्या होत्या, तर दहापासूनच्या नोटा राज्य बँकेच्या नावाने, असाही फरक आहे. किंमत पंधरा भाषांत लिहिलेली आहे. आपल्या नोटेच्या मागील बाजूच्या पट्टीतही पंधराच भाषा असल्याने मराठी वाचकाला हा आकडा ओळखीचा वाटेल. जॉर्जियन आणि आर्मेनियन या दोन लिपी सिरिलिक, म्हणजे रशियन वळणाच्या, अक्षरांच्या गर्दीत लगेच उठून दिसतात, आणि बाल्टिक भाषांची रोमन अक्षरेही. नोटा वापरलेल्या आहेत, पण फाटलेल्या नाहीत.

बिल्ल्यांपैकी एक लहान मुलांच्या ‘ऑक्टोबर’ गटाचा असून ताऱ्याच्या मध्यभागी कुरळ्या केसांचा बालवयातील लेनिन आहे. दुसरा पायोनियर या शाळकरी मुलांच्या संघटनेचा आहे. त्यावर लेनिनचे शिर, वर ज्वाळा आणि ‘सदैव तयार!’ हे ब्रीदवाक्य आहे. दोन्ही बिल्ले अफाट संख्येने बनवले गेले होते, त्यामुळे त्यांच्यासाठी कोणी वेगळे पैसे मागितल्यास देऊ नयेत.

महाराष्ट्रातील वाचकाला यातील बरेच काही परके वाटू नये. 1928 मध्ये मुंबईत स्थापन झालेल्या गिरणी कामगार युनियनला लोक लाल बावट्याची युनियन म्हणूनच ओळखत आणि विळा-हातोडा लालबाग-परळच्या भिंतींवर अनेक पिढ्यांनी पाहिला आहे. लाल बावटा कलापथकाचे शाहीर अण्णाभाऊ साठे सोव्हिएत संघात गेले तेही 1961 सालीच. म्हणजे ही नाणी तेव्हा नवी कोरी होती आणि मॉस्कोत त्यांच्या हातात याच मालिकेचे पैसे पडले असणार. रुबल देशाबाहेर नेण्यास बंदी असल्याने आणि परकीय चलनाच्या बाजारात तो बदलून मिळत नसल्याने त्या काळी भारतात ही नाणी फारशी आली नाहीत. आज जी येतात ती बहुतेक 1991 नंतर किलोच्या भावाने बाहेर पडलेली आहेत.

आता दोष. सर्वांत गंभीर दोष वेष्टनाचा आहे. नाणी मऊ पीव्हीसीच्या कप्प्यांत घातलेली आहेत. असे प्लॅस्टिक काही वर्षांत द्रव सोडू लागते आणि तांब्याच्या मिश्रधातूवर हिरवट चिकट थर चढतो. संचातील दोन कोपेकच्या नाण्यावर त्याची सुरुवात झालेली दिसली. घरी आणल्यावर लगेच नाणी बाहेर काढावीत, डाग असल्यास शुद्ध ॲसिटोनमध्ये काही वेळ ठेवून न घासता वाळवावीत आणि कडक कॅप्सूलमध्ये किंवा पुठ्ठ्याच्या होल्डरमध्ये ठेवावीत. पितांबरी किंवा चिंच लावून ती चकाकवण्याचा मोह कृपया टाळावा. शिवाय कप्प्यांची मागची बाजू अपारदर्शक पुठ्ठ्याला चिकटवलेली आहे आणि नाणी किंमत वर येईल अशी लावली आहेत, म्हणजे राज्यचिन्ह पुठ्ठ्याकडे तोंड करून बसलेले आहे! चिन्हासाठी विकल्या जाणाऱ्या संचात चिन्हच दिसू नये, याला काय म्हणावे.

पुस्तिकेत चुका आहेत. ‘शांतता, जमीन, भाकरी’ हे सोव्हिएत संघाचे ब्रीदवाक्य असल्याचे तीत म्हटले आहे. वस्तुतः ती 1917 मधील बोल्शेविकांची प्रचारघोषणा होती, राज्याचे घोषवाक्य कामगारांच्या एकजुटीचेच होते. 1961 च्या नाण्यावर सोळा वेढे असल्याचेही लिहिले आहे, जे समोरचे नाणे मोजून पाहिले असते तरी टळले असते. मुखपृष्ठावरील ध्वज आपल्या तिरंग्याच्या तीनास दोन प्रमाणात छापला आहे. सोव्हिएत ध्वजाची लांबी रुंदीच्या दुप्पट असे, आणि त्यावरील तारा सोन्याने भरलेला नसून सोनेरी किनारीचा लाल तारा होता.

एक उणीव मात्र मनापासून जाणवली. 1991 मध्ये दहा कोपेकपासून दहा रुबलपर्यंत जी नव्या नमुन्याची नाणी काढली गेली, त्यांवर राज्यचिन्ह नाही. क्रेमलिनचा बुरूज, घुमट आणि राज्य बँकेचे नाव एवढेच आहे. सोव्हिएत संघ औपचारिकरीत्या त्या वर्षीच्या डिसेंबरात विसर्जित झाला, म्हणजे या नाण्यांवरून गोल, ओंब्या आणि फीत राज्य संपण्यापूर्वीच उतरली होती. सात, अकरा, सोळा, पंधरा या ओळीच्या शेवटी हे बिनचिन्हाचे नाणे असते तर संच पूर्ण झाला असता. ते सहज आणि स्वस्तात मिळते, म्हणून विक्रेत्याकडे आग्रहाने मागावे.

खरेदी करणाऱ्यांसाठी दोन सूचना. अस्सलपणा तपासायला साधा अचूक वजनकाटा पुरेसा आहे, कारण वर सांगितलेले ग्रॅमचे गणित नकली नाण्यांना क्वचितच साधते. आणि संचात 1958 सालचे नाणे ‘दुर्मीळ’ म्हणून दाखवले तर सावध व्हावे. त्या वर्षी चलनबदलाच्या तयारीसाठी पाडलेली नाणी जवळजवळ सर्व वितळवण्यात आली, खरी फार थोडी उरली आणि ती दोन-तीन हजारांच्या संचात कोणी घालून देत नाही. ज्यांना केवळ टेबलावर ठेवायला शोभेची वस्तू हवी आहे त्यांनी या संचाऐवजी 1970 चा लेनिन जन्मशताब्दीचा मोठा रुबल घ्यावा. तो दिसतो चांगला आणि प्रचंड संख्येने काढला गेल्यामुळे अजूनही आवाक्यात आहे. भिंग घेऊन तासभर बसण्याची हौस असणाऱ्यांनी हा संच घ्यावा, पुठ्ठा फाडून टाकावा, आणि भाव करताना पुस्तिकेचे पैसे वजा करून मागावेत.